शेवटच्या रिळाचा डबा

२००६, नोव्हेंबरातला एक शनिवार, दुपार. स्थळ: इंग्लंडमधलं मेडनहेड, डॉक्टरकाकांची बैठकीची खोली, पडदे ओढलेले. हजर: काका, काकू, जवळच्या रीडिंग गावचे देशपांडे, त्यांची पेटी, मी, आणि माझे यजमान (निम्मे जागे).

अख्ख्या ब्रिटनमध्ये डॉक्टरकाकांइतका बोलणारा माणूस नाही, आणि त्यांचा जीव जडला तो मूकपटावर. काका निवृत्त भूलतज्ज्ञ. समोरचा झोपेपर्यंत बोलायचं ही जन्माची सवय, त्यामुळे मध्येच कोणी प्रश्न विचारला की अजून दचकतात. त्यांच्याकडे एक जर्मन मूकपट आहे. तो तयार होईतो बोलपट आले, मग त्या बिचाऱ्याला कोण विचारतो? काकांना लिलावात मिळाला तोही शेवटच्या रिळाविना. खलाशाची बायको भर वादळात कंदील घेऊन धक्क्यावर जाते, तिचा पाय घसरतो आणि पडदा पांढरा होतो. पुढचं काका तोंडी सांगतात, एकदा तर कॉफी टेबलावर चढून. जर्मन पाट्यांचं मराठीही तेच करतात. पडद्यावर दोन शब्द असले तरी काकांचं भाषांतर पुढच्या पाटीपर्यंत पुरतं. साथीला देशपांड्यांची पेटी. त्यांना आरत्याच तेवढ्या येतात, म्हणून वादळ सुटलं की आरतीची चाल सुरू होते आणि आम्ही सवयीने उठून टाळ्या धरतो.

काकांना शोकांतिका प्रिय. सुरुवातीला ते नायिकेला न चुकता बुडवत. काकू चहा आणताना म्हणत, "अहो, एकदा तरी वाचवा की तिला." काका म्हणत, "कलेत दयामाया नसते." मग काकूंचं ऑपरेशन झालं. त्या घरी आल्यावरच्या पहिल्याच खेळात काकांनी नायिकेला वर ओढलं, कोरडे कपडे दिले, गरम सूप पाजलं, वर दोन मुलंही दिली. तेव्हापासून ती एकदाही बुडलेली नाही.

मला अर्धवट गोष्ट घरात चालत नाही, दुसऱ्याच्याही. केंब्रिजच्या एका संग्राहकाला चिकाटीने गाठून मी ते शेवटचं रीळ मिळवलं आणि त्या शनिवारी चिवड्याच्या पिशवीतून नेलं. डबा पाहून पेटी थांबली. काका गप्प झाले. असं मी प्रथमच पाहत होते. काकूंच्या तपासणीचा निकाल सोमवारी यायचा होता, हे सगळ्यांनाच ठाऊक होतं.

"लावा की," काकू म्हणाल्या. "खरं काय झालं ते कळू दे."

काकांनी डबा उलटसुलट करून पाहिला आणि माझ्या हातात परत दिला. "प्रोजेक्टरचा दिवा गेलाय."

दिव्याचा उजेड भिंतीवर लख्ख पडला होता. आम्ही सगळे त्या पांढऱ्या चौकोनाकडे बघत बसलो. मग देशपांड्यांनी हळूच आरतीची चाल धरली, आणि आम्ही उठून उभे राहिलो. माझे यजमानसुद्धा.

डबा माझ्या कपाटात आहे, दिवाळीच्या पणत्यांशेजारी. बाकी सगळी कामं मी वेळच्या वेळी उरकते. काकू अजून फोनवर हसत हसत विचारतात, "काय गं, यांनी दिवा आणला का?"

"नाही हो, काकू. राहिलाय."