सात वर्षांचं वावर, एक बटण

चहा घ्या आधी, गार होतोय. आणि सुरू करण्यापूर्वी एक गोष्ट ठरवून टाकू. मी जे सांगणार आहे त्यात तुम्हाला हसू येईल. हसा, माझी हरकत नाही. पण शेवटी "मास्तर, चूक तुमचीच" असं कुणी म्हणायचं नाही. घरात दोन महिने तेच ऐकतोय, आता बाहेरही ऐकायची माझी तयारी नाही.

मी चौतीस वर्षं स्टेशन मास्तर होतो. निम्मी नोकरी लहान लहान स्टेशनांवर, निम्मी इथे भुसावळला. माझ्या हातून एक गाडी चुकीच्या लाइनीवर गेली नाही. एक! विचारा कुणालाही. हे आत्ताच सांगून ठेवतो, कारण पुढचं ऐकून तुमचा माझ्यावरचा विश्वास उडेल.

तर आमच्या घरात गेमचा एक डबा आहे. कन्सोल म्हणतात त्याला, टीव्हीला जोडून खेळायचा. तो आमच्या प्रशांतचा. पोरगा नोकरीला पुण्याला गेला आणि डबा इथेच राहिला. आमच्या हिने, म्हणजे विमलने, आधी सहा महिने त्याच्यावरची धूळ पुसली. मग एक दिवस तो चालू करून बघितला. आत शेतीचा गेम होता. नांगरायचं, पेरायचं, पाणी द्यायचं, गुरं सांभाळायची. बाई त्याच्यापुढे जी बसली ती सात वर्षं उठली नाही.

या वयात गेम, असं तुमच्या मनात आलं ना? माझ्याही आलं होतं. मी ते एकदाच बोलून दाखवलं, परत नाही.

पण ते नुसतं खेळणं नव्हतं, एवढं मला कबूल करावं लागेल. विमलच्या वडिलांचं नरडाण्याच्या बाजूला आठ एकर वावर होतं. ते विकलं गेलं. आज तिथे कारखान्याची शेड उभी आहे. ते वावर हिने डब्यात आठवून आठवून पुन्हा उभं केलं. विहीर, निंबाची झाडं, बांध, गोठा, गोठ्याकडे जाणारी वाकडी पायवाटसुद्धा. गेममध्ये कपाशी नव्हती, तर पांढऱ्या फुलांचं कसलंसं झुडूप लावून हिने त्यालाच कपाशी ठरवलं. आणि रोज संध्याकाळी धुळ्याला मोठ्या बहिणीला फोन. "अक्का, आज कपाशी वेचून झाली बरं का."

अक्काला डोळ्यांनी नीट दिसत नव्हतं. त्यामुळे सात वर्षं ते वावर तिने फक्त कानाने ऐकलं. यंदा तिचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि ती म्हणाली, आता पहिलं मी बाबांचं वावर बघणार. ठरलं. विमलने गुरुवारी धुळ्याला जायचं आणि रविवारी अक्काला घेऊन यायचं.

अडचण एकच होती. जुना डबा तापायला लागला होता. अर्धा तास चालला की टीव्ही काळा. प्रशांतने नवा डबा पाठवला होता, आईच्या नावाने सगळं लावून. पण जुन्यातलं सेव्ह नव्यात न्यायचं राहिलं होतं. सेव्ह म्हणजे आजवरचा सगळा खेळ जिथे साठवलेला असतो ते. "ते मी दिवाळीत आलो की करतो पप्पा, तोवर तुम्ही हात लावू नका," असं त्याने मला बजावलं. आईला नाही, मलाच. विमलही दारात चप्पल घालता घालता तेच म्हणाली.

"डब्याला हात लावू नका. आपला जुनाच बरा, थोडा थोडा दाखवीन अक्काला."

"मी कशाला लावतोय?" मी म्हणालो.

आता तुम्हीच सांगा. बहीण एवढ्या लांबून येणार, नव्या डोळ्यांनी बघायला बसणार, आणि दर अर्ध्या तासाने टीव्ही काळा पडणार. नवा डबा मात्र खोक्यात. मी काय हातावर हात ठेवून बसायचं? बायको परत येते तर वावर नव्या डब्यात तयार, असं मला करायचं होतं. यात माझा हेतू वाईट होता असं कुणी म्हणूच शकत नाही.

मी कामाचा माणूस आहे, एकदम सेव्हला हात लावला नाही. आधी चाचणी घेतली. नव्या डब्यात तो गेम सुरू केला, नाव विचारलं तिथे विमल लिहिलं, एक खड्डा खणला, त्यात मुळ्यासारखं काहीतरी लावलं, पाणी दिलं आणि बंद केलं. उत्तम चाललं. मग जुना डबा शेजारी ठेवून दोघांना वायफायवर घेतलं. पडद्यावर प्रश्न आला. एकाच नावाचे दोन सेव्ह आहेत. नवीन, आज अकरा वाजून अठरा मिनिटांचं. जुनं, काल संध्याकाळचं. कोणतं ठेवायचं? दुसरं कायमचं जाईल.

इथे जरा थांबा. रेल्वेत नियमाच्या पुस्तकात बदल झाला की वरून छापील चिठ्ठी येते. करेक्शन स्लिप म्हणतात तिला. ती डिंक लावून जुन्या मजकुरावर चिकटवायची. खाली काय होतं ते परत वाचायचंसुद्धा नाही. चौतीस वर्षं मी अशा चिठ्ठ्या चिकटवल्या. सगळ्यात नवीन तारखेचं जे, तेच खरं. जुन्यावर गाडी चालवली तर नोकरी जाते हो. असा माणूस त्या पडद्यावर कोणतं बटण दाबणार?

नवीन. डोळे मिटून दाबलं.

पट्टी सरकत सरकत शंभरावर गेली. मी घड्याळ बघितलं आणि डायरीत लिहिलं: अकरा बेचाळीस, काम पूर्ण. वर चहाही करून घेतला.

मग नव्या डब्यात वावर उघडलं. एक खड्डा. खड्ड्यात मुळा.

मला वाटलं, एवढं मोठं वावर यायला वेळ लागत असेल. गाडी लेट होते तशी वाट बघितली, वीस मिनिटं. मुळ्याला एक पान फुटलं, बाकी काही नाही. जुना डबा लावला. त्यातही तोच खड्डा, तोच मुळा. तेव्हा मात्र प्रशांतला फोन केला.

"पप्पा, तुम्ही काय दाबलं?"

"नवीन ठेवा, असं दाबलं."

"नवीन म्हणजे कोणतं?"

"नवीन म्हणजे नवीन. आजच्या तारखेचं."

मग म्हणाला, "पप्पा, ते तुमचं दहा मिनिटांचं होतं. आईचं सात वर्षांचं गेलं."

"मग मशीनने नीट विचारायला नको?"

"नीटच विचारलं तिने. कायमचं जाईल असंही सांगितलं. दुसरीकडे कुठे कॉपी नाहीये. आईला फोन करून सांगा आधी."

मी सांगितलं नाही. का सांगू? हातात तीन दिवस होते. सात वर्षांचं वावर तीन दिवसांत उभं करायचं, एवढंच ना? यार्डात डबे घसरले तरी मी दुपारपर्यंत लाइन सुरू करून दिलेली आहे.

आणि लागलो शेतीला. लोकहो, शेती फार वाईट काम आहे. पन्नास वाफ्यांना पाणी देऊन झालं की पहिला वाफा वाळलेला. गाय उपाशी राहिली की रुसते आणि दूध देत नाही. माझा तो गेममधला माणूस दिवसातून दोनदा चक्कर येऊन बांधावर पडायचा. मला इकडे खुर्चीत तेच व्हायचं. दोन दिवस मी दूध आणि टोस्टवर काढले.

दुपारी धुळ्याहून फोन.

"काय करताय?"

"वाचत बसलोय."

"हा गाईचा आवाज कुठून येतोय?"

"रस्त्यावर आहे एक."

"केव्हाची ओरडतेय ती. भाकरी टाका तिला," विमल म्हणाली. मी फोन ठेवला आणि त्या गाईला चारा टाकला.

पण खरी अडचण पाण्याची नव्हती आणि गाईचीही नव्हती. विहीर कुठे होती? निंब किती होते, दोन की तीन? पायवाट डावीकडून वळायची की उजवीकडून? मला काहीच आठवेना. सात वर्षं ती बाई त्या टीव्हीसमोर बसली होती आणि सात वर्षं मी तिच्या मागच्या खुर्चीत पेपर वाचत होतो. "अहो, हे बघा" असं ती किती वेळा म्हणाली असेल, आणि मी "हं, छान" म्हणून पान उलटलं असेल. मान वर करून एकदा बघितलं असतं तर? त्या शनिवारी मला माझीच लाज वाटली. हे मी तिला अजून सांगितलेलं नाही, तुम्हीही सांगू नका.

आठवलं नाही ते मी माझ्या पद्धतीने बसवलं. वाफे सरळ, एका रेषेत, मधे समान अंतर. कडेने कुंपण. विहीर बरोब्बर मध्यभागी.

रविवारी दोघी आल्या. अक्का टीव्हीसमोर बसली, नवा चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला. विमल पाणी आणायला आत गेली तेवढ्यात मी नवा डबा लावला.

अक्काने निरखून बघितलं. दोघी बहिणी आपसात अहिराणी बोलतात, आणि अक्का तर माझ्याशीही तीच बोलते.

"मास्तर, हाई काय शे?"

"तुमच्या बाबांचं वावर."

"वावर? माले त हाई टेशन दिसस."

"जरा नीट केलंय एवढंच."

"आनि इहीर? इहीर आठे नही व्हती."

एवढ्यात विमल तांब्या घेऊन बाहेर आली. तिने टीव्हीकडे बघितलं. दुसऱ्यांदा बघायची गरज पडली नाही. तांब्या टीपॉयवर ठेवून ती सोफ्याच्या कडेला बसली.

"माझं कुठे आहे?"

मी उभा राहिलो आणि सगळं सांगितलं. एकाच नावाचे दोन सेव्ह असताना नियम काय सांगतो, करेक्शन स्लिप काय असते, जुनं ठेवण्यात धोका काय. अगदी खात्याच्या चौकशीत द्यावं तसं उत्तर दिलं. एका जागी अडखळलो नाही. तिने मधे एकदाही तोडलं नाही, याचं मला बरं वाटत होतं.

मी थांबल्यावर ती म्हणाली, "म्हणजे बाबांचं वावर दुसऱ्यांदा गेलं."

ती ओरडली असती तर माझ्याकडे उत्तर होतं. ओरडणाऱ्या किती अधिकाऱ्यांना मी उत्तरं दिली आहेत. ती ओरडली नाही. पदराने डोळे पुसले आणि अक्काकडे बघून म्हणाली, "तुला दाखवायचं होतं गं." मी म्हणालो, "चहा टाकतो." आणि स्वयंपाकघरात जाऊन उभा राहिलो. चहा उकळून आटला तरी बाहेर यायची हिंमत होईना.

मग अक्काचा आवाज. "विमल, ते बटन मना हातमा दे."

"कशाले?"

"इहीर हालाडू दे. खालना बांधजोडे व्हती ती."

"नही अक्का, वरना बांधजोडे व्हती."

"तू पाच वरीसनी व्हतीस. मी पानी भरेल शे तठलं. माले शिकाडू नको."

मी दारातून डोकावलो. दोघी टीव्हीला नाक लावून बसल्या होत्या आणि विहीर खालच्या बांधाजवळ होती की वरच्या, यावरून भांडत होत्या. माझे सरळ वाफे भराभर मोडले जात होते. अक्का म्हणत होती निंब तीन होते, तिसरा विजेने जळाला तेव्हा विमलचा जन्मही झाला नव्हता. विमलला हे माहीतच नव्हतं. हळूहळू तिच्या डोळ्यांतलं पाणी कधी आटलं, माझ्या लक्षात आलं नाही.

अक्का दोन दिवसांसाठी आली होती, ती सतरा दिवस राहिली. सकाळी अंघोळ झाली की दोघी वावरात. स्वयंपाक मी केला, सतराही दिवस. पिठलं आता मला बऱ्यापैकी येतं. गेममध्ये कपाशी नाही म्हणून अक्काने तीन दिवस त्या गेमवाल्यांना नावं ठेवली. आणि तिसरा निंब उभा राहिला त्या दिवशी दोघी एकमेकींचा हात धरून नुसत्या बघत बसल्या.

आता मी विचारतो, सात वर्षं विहीर चुकीच्या बांधावर होती, एक झाड कमी होतं, ते नीट कुणामुळे झालं? बटण मी दाबलं नसतं तर अक्काने वावर बघून "छान गं" म्हटलं असतं आणि चहा पिऊन गेली असती. हे मी घरात बोलूनही दाखवलं. त्या दिवशी मला पिठलं एकट्यालाच खावं लागलं. तरी माझं म्हणणं तेच आहे.

अक्का गेल्यावर एका संध्याकाळी मी पेपर बाजूला ठेवला आणि विमलशेजारी बसून पूर्ण वावर नीट बघितलं. माझं तीन दिवसांचं काम सगळं पुसलं गेलं होतं. एकच गोष्ट जागेवर होती. शनिवारी मी वावरात एक बुजगावणं उभं केलं होतं, पांढरा सदरा आणि डोक्यावर टोपी घालून. ते दोघींनी तसंच ठेवलेलं बघून माझी छाती फुगली.

"बघ," मी म्हणालो, "माझ्या हातचं काहीतरी पसंत पडलं ना शेवटी?"

"पडलं तर," विमल टीव्हीवरून नजर न काढता म्हणाली. "सगळ्या वावरात तोच एक शहाणा आहे. दिवसभर उभा असतो, पण कशाला हात लावत नाही."