शांताच्या पांढऱ्या साडीवरून

वस्तीकरांनो, विहाराच्या फळ्यावर आज सूचना नाही, माझा राग वाचा.

सकाळी माझी भाची शांता पांढरी साडी नेसून लग्नाला बसली. आपल्या बौद्धांत पद्धतच ती. तर नवरदेवाची आई लाल शालू घेऊन पुढे! "पोरीले पांढरं काहून नेसवलं वं? विधवा दिसून राहिली!"

विहीणबाई, धम्मदीक्षेच्या दिवशी तुम्हीच पांढरं नेसून माझ्या शेजारी उभ्या होत्या! तेव्हा नाही दिसलात विधवा?

शालू, बँड, घोडा, सगळं परत हवं. मग दीक्षा घेऊन सोडलं काय आपण?

शांतानं नवरदेवालाच विचारलं, "तुमाले काय पाहिजे, मी का शालू?" तो आईकडे पाहत राहिला. शांता उठून घरी आली.

खडू इथंच ठेवला आहे. ज्याला पांढरं अपशकुनी वाटतं, त्यानं खाली आपलं नाव लिहावं.