एक्केचाळीस आणि बेचाळीसच्या मधली गल्ली

आधी सरळ सांगते. ती गल्ली पाडली तेव्हा मी तिथे उभी होते. दुपारपर्यंत कालव्याच्या काठाला एकही भिंत शिल्लक नव्हती. तेव्हा ‘हे तुझ्या मनाचे खेळ’ वगैरे मला कुणी ऐकवू नये.

मैलापूरला कालव्याच्या कडेने वरच्या रेल्वेचे खांब जातात. प्रत्येकावर रंगाने आकडा घातलेला आहे. एक्केचाळीसपासून बेचाळीसपर्यंत चालायला अर्धा मिनिटही लागत नाही. सोमवारी दुपारी तीनला मात्र त्या दोघांच्या मधे आख्खी गल्ली मावते. पत्र्याची दारं, निळी पिंपं, वाळत घातलेल्या साड्या. मी चालत राहते, पाय भरून येतात, बेचाळीस काही जवळ येत नाही. बाहेर पडून फोन बघावा तर तीन वाजून दोन मिनिटं. रिक्षास्टँडवर हे सगळ्यांना ठाऊक आहे. एक अण्णा म्हणाले, “सोमवारी तिकडनं नाही नेणार मी. मीटर पळतो, खांब पळत नाही. मग सवारी माझ्याशीच भांडते.” हसले. माझ्या पिशवीतली पत्रकं दिसली तसे हसायचे थांबले.

पत्रकांचंच सांगायचं आहे.

आमच्या संघटनेत पत्रकावर तारीख न छापण्याची पद्धत होती. गल्ली पाडण्याआधी घरांची मोजणी व्हायची होती; तिचा दिवस सरकारी कचेरी सारखा पुढे ढकलायची आणि आमचे गठ्ठेच्या गठ्ठे वाया जायचे. म्हणून मी लिहायची, ‘येत्या मंगळवारी घरातच थांबा.’ कधीही चालणारं वाक्य. अभिमान होता मला त्याचा, हो. मोजणीला जो घरात सापडेल त्याचं नाव यादीत, आणि यादीतल्यालाच बदली घर, तेही शहराच्या टोकाला, शोळिंगनल्लूरच्याही पलीकडे. जो सापडला नाही, तो तिथे कधी राहतच नव्हता. असा यांचा न्याय!

मोजणीच्या आदल्या दिवशी, सोमवारी, पत्रकं वाटायला निघाले आणि कळलं, मोजणी आठवडाभर पुढे गेली. ‘बरं झालं तारीख नाही छापली,’ म्हणत मी तीच पत्रकं वाटली. दारोदार तोंडाने सांगत गेले, उद्याचा नाही, त्याच्या पुढचा मंगळवार. शेवटच्या दाराला कुलूप होतं. आक्का इस्त्रीच्या गाडीवर गेली होती. मी कागद दाराखालून सरकवला आणि बस पकडली.

आक्का माझ्या नात्यातली नव्हे. पण आमच्यासारखीच तंजावरकडची मराठी, त्या गल्लीत आमची भाषा बोलणारी एकटी. मला पाप्पा म्हणायची, लहान पोरीला म्हणतात तसं. ती दुसऱ्या दिवशी सकाळपासून दारात बसून राहिली. कुणी आलं नाही. पुढच्या मंगळवारी ती गाडीवर गेली, आणि ते आले. यादीत तिचं नाव नाही. पाडापाडीनंतर ती गाठोडं घेऊन एग्मोरच्या बाजूला चालत गेली, एवढंच लोक सांगतात.

आणि तरी सोमवारी ती तिथे असते. बाकीची दारं बंद. ती माणसं नव्या घरांत आहेत, मी जाऊन भेटले आहे. उघडं दार फक्त शेवटचं.

“कोठे होतीस गं पाप्पा? कागद सरकवून पळालीस. हाक नाही, काही नाही!”

“कुलूप होतं, आक्का.”

“मग थांबायचं. मी काय दिल्लीला गेले होते? बरं, उद्या घरातच मी. गाडीला सुट्टी.”

“उद्या नाही गं. त्याच्या पुढच्या मंगळवारी.”

तिने माझंच पत्रक माझ्या नाकासमोर धरलं. “इथे तसं नाही लिहिलेलं.”

“मी सांगते ना!”

“तूच शिकवलंस. तोंडी कुणाचं ऐकू नको, छापील कागद माग. कचेरीतल्या त्या साहेबाला मी तस्संच म्हटलं, कसा गप्प झाला! आता तू साहेब झालीस काय?”

शिकवलं होतं. प्रत्येक सभेत, घसा फोडून.

मी पत्रकावर पेनाने तारीख घालून नेली. तिच्या दारापर्यंत तारखेची जागा कोरी. छापून नेली, तर त्या जागी पांढरी पट्टी. कचेरीत जाऊन सांगितलं, चूक माझ्या पत्रकाची आहे, तिचं नाव घ्या. तिथला माणूस मान वर न करता म्हणाला, “तोंडी चालत नाही. लेखी आणा.”

आता आमच्या प्रत्येक पत्रकावर तारीख सगळ्यात मोठ्या अक्षरात असते. संघटनेत त्यावरून मी भांडले. आक्काला त्याचा काही उपयोग नाही.

गेल्या सोमवारी मी ठरवून तिच्या उंबऱ्यावर बसून राहिले. मंगळवार उजाडेपर्यंत उठायचं नाही, तिच्याबरोबर घर बंद करायचं आणि तिला हाताला धरून बाहेर आणायचं. ती इस्त्री करत होती. एकामागून एक शर्ट, घडी, पुन्हा शर्ट. ढीग कमी झाला नाही. इस्त्रीतले कोळसे विझले नाहीत. ऊन माझ्या पायावरून इंचभर सरकलं नाही. शेवटी मीच उठले. भूक लागली होती, लाज वाटते सांगायला.

“जा गं,” ती म्हणाली, “उद्या बघ, पहिलं नाव माझंच.”

बाहेर तीन वाजून दोन मिनिटं झाली होती.