सुजाताची उजळी

हे मी आजवर कुणापाशीच बोलले नाही. आईपाशीही नाही. आई गेली, आता मुलुंडच्या या घरात मी एकटीच असते — तुम्हाला सांगते आहे ते तुम्ही मला ओळखत नाही म्हणून, की ऐकणारं दुसरं कोणी उरलं नाही म्हणून? माहीत नाही.

लहानपणी आम्ही घाटकोपरला राहायचो. शेजारच्या खोलीत सुजाता, माझ्याच वर्गातली. तिला फिट्स यायच्या, म्हणून सहलीला कधी पाठवायचे नाहीत. आमच्या वर्गाची सहल गोराईला गेली तेव्हाही ती घरीच. परत आल्यावर मी तिला समुद्र कसा असतो ते सांगायला बसले — जरा तोऱ्यातच. तिने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "माझा समुद्र यापेक्षा भारी आहे."

तो तिने तिथल्या तिथे रचला. देशाचं नाव मिठवण. तिथल्या पाण्यातून आपोआप उजेड येतो, तो उजेड म्हणजे उजळी. किनाऱ्यावर एकटं माणूस उभं राहिलं, तर उजळी शेवाळी हिरवी. दोघं असली, तर हळदीसारखी. आणि दोघांतलं एक निघून गेलं की कांद्याच्या सालीसारखी जांभळट — दुसरं कोणी येईपर्यंत तशीच. दहाव्या वर्षी हे कुणाला सुचतं हो? मला नसतं सुचलं. ती दोनशे पानी वहीत लिहायची, मी नुसती चित्रं रंगवायचे. चार वर्षं चाललं ते. मग आम्ही मुलुंडला आलो. वही माझ्याकडे राहिली.

आता मी गोरेगावला, व्हिडिओ गेम बनवणाऱ्या एका कंपनीत आहे. काही वर्षांपूर्वी नवा गेम हवा होता आणि माझं डोकं चालेना. वही काढली. मिठवणचं नाव बदललं, उजळीचं बदलवेना. रंग तेच ठेवले. गेम गाजला. मुलाखतीत विचारलं, कल्पना कुठून आली? मी म्हटलं, अशीच सुचली एक दिवस.

पण ते हे नव्हे. चोरी मी कदाचित कबूल केलीही असती. सांगायचंय ते पुढचं आहे — आणि बघा, अजून टाळतेच आहे.

जेवणाच्या सुट्टीत फोन आला. कितीतरी वर्षांनी सुजाताचा आवाज. रागावली नव्हती, आनंदाने नुसती ओरडत होती. "नीलू! अगं, आपली उजळी! मोबाइलवर बघितली मी! कांद्याचा रंग पण ठेवलास ना!"

आजूबाजूला कोणी नव्हतं. कोणी ऐकत नव्हतं. खरं बोलायला काय लागलं असतं?

मी म्हटलं, "कुठली आपली उजळी गं?"

ती आठवण करून द्यायला लागली. "अगं, गॅलरीत बसून... मी लिहायचे, तू रंगवायचीस."

"आपण तर भातुकली खेळायचो, सुजाता. हे मी आत्ता लिहिलंय."

वही माझ्या ड्रॉवरमध्ये होती. तिच्या अक्षरातली.

तिने भांडायला हवं होतं. ती हळूच म्हणाली, "हो का? मग माझ्याच डोक्यात घोळ झाला असेल. फिट येऊन गेली की मागचं नीट आठवत नाही ना. सॉरी हां." वर माझं कौतुक केलं आणि फोन ठेवला.

तिला आपल्या आठवणींची खात्री नसते, हे मला लहानपणापासून ठाऊक होतं. मी तेच वापरलं. ठरवून.

पुढे तिच्या बहिणीकडून कळलं, सुजाता घरी शिकवण्या घ्यायची, त्या तिने बंद केल्या. मुलांना भलतंच काही सांगून बसेन, म्हणाली.

मिठवण मला अजून पाठ आहे. पण बोलू कुणाशी? जिच्याशी बोलता आलं असतं, तिला मीच पटवून दिलंय की तो देश कधी नव्हताच.

ती मात्र अधूनमधून फोन करते. जुन्या गोष्टी माझ्याकडून तपासून घेते — तुझं पक्कं असतं गं, म्हणते. परवा विचारलं, "बाबा गेले त्या दिवशी मी घरातच होते ना? शेवटचं पाणी मीच पाजलं ना त्यांना?"

तिचे बाबा गेले तेव्हा आम्ही अजून घाटकोपरलाच होतो, मी त्या खोलीत होते. तिला पाणी पाजताना मी पाहिलं होतं. "हो," म्हटलं, "तूच पाजलंस."

तिने लगेच विश्वास ठेवला — भातुकलीवर ठेवला होता, तसाच.