'कट'नंतरचा चेहरा

दिग्दर्शकाने 'कट' म्हटल्यावरही कॅमेरा क्षणभर चालूच राहतो. तो तुकडा प्रेक्षकांना कधी दिसत नाही. मी संकलक, त्यामुळे मला मात्र तो रोज बघावा लागतो. त्यात खळखळून हसणारी नटी एकदम विझते, डोळे रिकामे होतात आणि ती थेट माझ्याकडे बघते. इतकी वर्षं झाली, तरी माझ्या अंगावर काटा येतो. निदान तिथे तो तुकडा कापून टाकता येतो.

आज सकाळी बायकोने हसत चहा पुढे केला.

"कसा झालाय?"

"छान."

"अहो, कपाकडे काय बघताय? माझ्याकडे बघून सांगा की!"

मी मान वर केली नाही. हसू ओसरल्यावर तिच्या चेहऱ्यावर काय उरतं, ते बघायचं धाडस मला अजून झालेलं नाही.