न मोजलेल्या गाठी

गाठ सोडण्यात आमच्या घरात माझा हात धरणारं कोणी नव्हतं. खांडबाऱ्याला आमचं किराणा दुकान होतं आणि मालाच्या पोत्यांना, पुड्यांना बांधून आलेली सुतळी कापायची नाही, अशी सक्त ताकीद होती. गाठ सोडायची, सुतळी सरळ करायची, गुंड्यावर गुंडाळायची. तीन पिढ्यांमागे मारवाडातून आलेल्यांच्या घरात मुलीला दुसरं काय शिकवणार! मी अकरा वर्षांची होते, नखं मजबूत आणि डोकं गरम. गाठ जितकी घट्ट, तितका मला चेव यायचा.

बाजाराच्या दिवशी डोंगराकडून एक बाई डिंक घेऊन यायची. घरी तिची बोली वेगळी, दुकानात मोडकी अहिराणी बोलायची. वडील डिंक निवडत तोवर ती माझ्या हातांकडे बघत बसे. एकदा म्हणाली, "तुन्हा हात त्या दोरीले लागाले नको." कोणत्या दोरीला, म्हणून मी विचारलं, तर तिने सगळं सांगितलं.

त्यांच्याकडे लग्नाचं, सणाचं बोलावणं दोरीने जायचं. जितके दिवस उरले तितक्या गाठी. रोज एक सोडायची, संपल्या की निघायचं. पण सोडलेली गाठ जाते कुठे? तिचं म्हणणं, डोंगरात कुठेतरी एक पहिली दोरी आहे. इकडे सोडलेला प्रत्येक दिवस तिकडे जाऊन त्या दोरीवर बसतो. ती दोरी केव्हाच हरवली, आणि हरवली तेच बरं झालं. कारण तिच्यावरची गाठ कोणी सोडली, तर तो दिवस जगातूनच जातो. कोणालाही आठवत नाही. त्या दिवशी जन्मलेलं पोर आईला ओळखू येत नाही.

"मग सापडली तर तू कुठली सोडशील?" मी विचारलं. असल्या गोष्टींचा मला तेव्हाही राग यायचा, पण विचारल्याशिवाय राहवायचं नाही.

तिने लगेच सांगितलं. तिचा मुलगा तिच्याशी भांडून, पुढ्यातली भाकरी तशीच टाकून उठला होता आणि मुकादमाच्या टोळीबरोबर रेल्वेच्या कामाला सुरतेकडे निघून गेला होता. तो दिवस तिला नको होता.

पुढे एका बाजाराला ती हसत आली. मुलाने गावी परतणाऱ्या एका माणसाच्या हाती दोरी पाठवली होती. टोळीला सुरतेकडून उचलून भुसावळकडे नेणार होते, आणि गाडी खांडबाऱ्याला थांबणार होती. शेवटची गाठ सुटेल त्या दिवशी स्टेशनावर भाकरी घेऊन ये, एवढाच निरोप. "भाकरी मांगस," असं ती तीन-चार वेळा म्हणाली. एरवी तिला इतकं खुशीत मी पाहिलं नव्हतं.

गाठोडं सोडताना तिने कमरेची ती दोरी काढून दुकानाच्या फळीवर ठेवली आणि तशीच विसरून बाजारात गेली. ती दोरी तिची आहे हे माझ्या लक्षात आलं नाही, असं मी पुष्कळ वर्षं स्वतःला सांगत आले. खोटं आहे ते. लक्षात आलं होतं. पण इतक्या सारख्या, इतक्या घट्ट गाठी मी कधी पाहिल्या नव्हत्या, आणि माझे हात शिवशिवायला लागले. सोडून बघू, पुन्हा बांधून ठेवू, असं मनाशी म्हटलं. बघता बघता दोरी सरळ झाली. गाठी किती होत्या ते मात्र मी मोजलंच नाही.

ती परत आली तेव्हा दोरी माझ्या मांडीवर होती. तिने ती उचलली, दोन्ही टोकं धरून ताणली. ओरडली नाही. "कितल्या व्हत्यात?" एवढंच विचारलं. तिलाही ठाऊक नव्हतं. दोरी असताना गाठी कशाला मोजायच्या? रोज एक सोडायची, बास.

वडील वळून माझ्याकडे बघत होते. "मोजल्या होत्यास ना?"

"चौदा," मी म्हटलं. चौदा कुठून आले देव जाणे. पण ठणकावून म्हटलं आणि तिच्यासमोर चौदा गाठी बांधून दिल्या. तिचा जीव भांड्यात पडला. "मोजायला आमची पोर पक्की आहे," वडील म्हणाले. तिने माझ्या गालावरून हात फिरवला.

चौदाव्या दिवशी ती सकाळपासून फलाटावर बसली होती. संध्याकाळी दुकानात आली, भाकऱ्यांचं फडकं तसंच काखेत. स्टेशनात रूळ बदलणाऱ्या सांधेवाल्याने तिला सांगितलं होतं की टोळी तीन दिवसांमागेच गेली. एक पोरगा उतरला होता. फलाटाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत धावत हिंडला, बायकांचे चेहरे बघत सुटला. शेवटी मुकादमाने दंडाला धरून त्याला गाडीत कोंबलं.

म्हणजे गाठी अकरा होत्या.

मला वाटलं, आता ही मला धरणार, वडील कान पिळणार. तिने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. वडिलांना म्हणाली, "कोनले तरी ती पहिली दोरी सापडनी. तीन दिन सोडी टाकात."

पुढच्या बाजाराला तिच्याकडे पुरावाही होता. त्या तीन दिवसांत काय केलं, हे तिने गावात घरोघर विचारलं होतं, आणि कोणालाही धड सांगता आलं नव्हतं. अहो, रोजच्यासारख्या तीन दिवसांतलं कोणाला काय आठवणार! पण गाव घाबरलं. पुरुष दोन दिवस कपारी धुंडाळत होते, दोरी कोणाच्या हाती लागली ते बघायला. एक जण घसरून पाय मोडून घेऊन आला. दोरी जिने सोडली ती मी खांडबाऱ्याला फळीवर बसून सुतळी गुंडाळत होते.

मला लाज वाटली का? वाटली. पण आधी सुटल्यासारखं वाटलं, आणि तेच मला अजून छळतं.

मुलगा त्या वर्षी आला नाही, पुढच्याही नाही. माझं लग्न ठरलं, सासर लांबचं मिळालं. निघायच्या आठवड्यात ती डिंक घेऊन आली आणि माझ्याजवळ बसली. काहीतरी बोलायचं म्हणून मी विचारलं, "अजून ती दोरी सापडली, तर भांडणाचा दिवस सोडशील?"

"नही," ती म्हणाली. "त्या दिनले तो मन्हासमोर बठेल व्हता."

मग तिने कमरेतून नवी दोरी काढली, कोरी, आणि माझ्या हातात दिली. "तीन गाठी बांधी दे, माय. तुन्ही मोजनी पक्की." गेलेले तीन दिवस तिला परत हवे होते. बांधणारा हात चुकणारा नको, म्हणून ती माझ्याकडे आली होती.

तेव्हा सांगायला हवं होतं. मी तोंड उघडलंही. मागे वडील वजन करत होते, ती माझ्या बोटांकडे बघत होती. मी मोठ्याने मोजत तीन गाठी बांधल्या. तिने एकेक गाठ अंगठ्याने चाचपली, दोरी कमरेला बांधली आणि मीठ मागितलं.

"आते तीन दिनमा तो यी," जाता जाता म्हणाली.

तिसऱ्या दिवशी गाडीची शिट्टी ऐकू आली तेव्हा मी दुकानातून उठले आणि परसात जाऊन बसले. ती भाकरी घेऊन फलाटावर आली असणार, हे मला जाऊन बघायची गरज नव्हती.