पहारेकऱ्यांना पाणी

गजा गेल्याचा फोन आला तेव्हा मी भाकऱ्या थापत होते. तव्यावरची उतरवली, मग खाली बसले. माझ्या बहिणीचा मुलगा तो. छातीत कळ आली आणि संपला... त्याला आता महिना झाला. लोक म्हणतात, देवमाणूस होता. नव्हता. हट्टी होता, आणि वेळेवर कधी जेवला नाही.

भिवंडीत तो लग्नांचं शूटिंग करायचा. उरलेल्या वेळात त्याने पुढच्या काळाचा एक सिनेमा काढायला घेतला. त्यात शेतं नाहीत, सगळी गोदामंच. माणसांनी कधी उठायचं, काय बोलायचं ते भोंगा सांगतो, आणि जो ऐकत नाही त्याला घरातून काढतात. मी म्हटलं, "पुढचा काळ कशाला? पडघ्यापर्यंत जाऊन ये, रस्ताभर गोदामंच हायत." तो कॅमेरा जमिनीला टेकवून गोदामाच्या भिंती घ्यायचा, मग त्या अंगावर येतात असं वाटायचं. कधी छताच्या पत्र्याजवळ चढून सरळ खाली बघायचा, की माणसं मुंग्यांएवढी. "वरून बघणारा मानूस न्हाय मावशी, मशीन हाय," म्हणायचा. रंगसुद्धा विटक्या लुगड्यासारखे केलेले.

शेवटी पहारेकरी एका म्हातारीला घराबाहेर काढतात. म्हातारी मी. कापडाच्या बंद पडलेल्या लूमच्या शेडमध्ये घर उभं केलं होतं. शेड दुसऱ्या दिवशी पाडणार, म्हणून एकदाच घ्यायचं, मध्ये न तोडता. कॅमेरा गजाच्या खांद्यावर. "तोंडातून शब्द काढू नको. या जगात दया उरलेलीच न्हाय, त्यावरच पिक्चर उभा हाय."

मी दार उघडलं. शेलार गावची दोन पोरं पहारेकरी झालेली, काळे कपडे, डोक्यावर हेल्मेट, घामाने निथळत होती. दारात आलेल्याला आमच्यात आधी पाणी विचारतात, मग काम. तोंडातून गेलंच, "उन्हातून आलाव, पानी घ्या आधी." तांब्या पुढे केला. एकाने हेल्मेट वर करून घटाघट प्यायलं. दुसरा म्हणाला, "मला ठेव रं थोडं." पण गजाने कॅमेरा थांबवला नाही, म्हणून तीही थांबली नाहीत. तांब्या खाली ठेवला, माझे दंड धरले आणि मला बाहेर नेलं.

"बुडवलास माझा पिक्चर," गजा म्हणाला.

"मंग काय पोरांना तहानेनं मारू?"

मला वाटलं, पाण्याचं तेवढं कापून टाकेल. पण घरी टीव्हीवर सिनेमा दाखवला तेव्हा ते जसंच्या तसं होतं. पाण्याला सगळे हसले. माझे दंड धरले तेव्हा खोलीत कुणी हललं नाही. मी विचारलं, "कशाला ठेवलंस रे?" म्हणाला, "सगळंच काळं दाखवलं तर काळं दिसत न्हाय, मावशी."

त्याची बायको तो सिनेमा अजून लावते. आयुष्यभर त्याने दुसऱ्यांना टिपलं, स्वतः कुठेच नाही. फक्त मी पाणी विचारते तिथे सगळं चित्र जरासं हलतं. रागावलेल्या माणसाचा खांदा असा हलत नाही, हसू दाबणाऱ्याचा हलतो... ती तिथे थांबते, मागे नेते, पुन्हा लावते.